जामीन राहणाऱ्याला कोणी सांगतं का?

नोटीस घडी घालून प्लास्टिकच्या पिशवीत ठेवली होती. त्याच पिशवीत रेशनकार्ड, आठ-अ उतारा आणि बँकेचं पासबुक. आबांनी पिशवी माझ्या टेबलावर ठेवली, टोपी काढून गुडघ्यावर धरली आणि विचारलं, “ताई, मी काय गुन्हा केला?”

2018 सालचा जानेवारी होता. मी बीड जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या कोर्टात फौजदारी वकिली करते. नोटीस वाचली. आरोपी लागोपाठ तारखांना गैरहजर, अजामीनपात्र वॉरंट बजावणी न होता परत आलेलं, सबब बंधपत्र जप्त करण्यात येत आहे. तुम्ही जामीनदार असल्याने 25,000 रुपये तुमच्याकडून वसूल का करू नयेत, याची कारणे दाखवा. खाली शिक्का आणि सही.

दोन वर्षांपूर्वी बंधपत्रावर आबांनी सही केली तेव्हा मी त्यांच्या शेजारी उभी होते. आरोपी माझाच पक्षकार. जामीनदाराची ओळख पटवली ती मीच. मी त्यांना सांगितलं होतं की साहेब विचारतील, आरोपीला ओळखता का, तर होय म्हणा. किती रकमेला जामीन राहता, तर पंचवीस हजार म्हणा. आधी कुणाला जामीन राहिलात का, तर नाही म्हणा. या तीन उत्तरांच्या पलीकडे मी त्यांना काहीही सांगितलं नव्हतं. ते आज लिहितानाही मला सलतं.

“मी तर साहेबांना एवढंच म्हणालो की पोरगं चांगलं आहे,” आबा म्हणाले.

या वाक्यावर मी इतकी वर्षं विचार करते आहे. कारण ते फक्त आबांचं नाही. जामीन राहायला येणाऱ्या दहा माणसांतल्या आठ-नऊ जणांना असंच वाटतं की आपण कोर्टात एखाद्याच्या चांगुलपणाची साक्ष द्यायला चाललो आहोत. पोरगं आपल्या वस्तीवरचं, त्याचा बाप आपल्याच शेतात राबलेला, बांधावरच्या भांडणात नाव गोवलं गेलं, पोलिसांनी उचलून नेलं, आई दारात येऊन बसली. मग जायचं आणि सांगायचं की माणूस ओळखीचा आहे. सातबारा मागितला तर तो ऐपत दाखवायला, एवढीच समजूत. पण बंधपत्रावर कायद्याच्या दृष्टीने वेगळंच लिहिलेलं असतं. अमुक आरोपी अमुक कोर्टात दर तारखेला हजर राहील आणि तो चुकला तर मी सरकारला एवढी रक्कम देणं लागतो, असं त्या माणसाने लिहून दिलेलं असतं. गाव ज्याला साक्ष समजतं, ते कोर्टाच्या दफ्तरात देणं म्हणून नोंदलं जातं. ही दरी बुजवायची जबाबदारी कुणाची, यावर बोलायला हा लेख लिहिते आहे.

आधी कायदा काय म्हणतो ते सांगते, कारण अफवाही पुष्कळ आहेत. आरोपीला शिक्षा झाली तर ती जामीनदाराला भोगावी लागत नाही. गुन्ह्याशी त्याचा काही संबंध जोडला जात नाही. जबाबदारी बंधपत्रात लिहिलेल्या अटींपुरती आणि लिहिलेल्या रकमेपुरतीच. मुख्य अट म्हणजे आरोपीची हजेरी. पण कोर्टाने जामिनावर आणखी अटी घातल्या असतील तर त्याही बंधपत्रात येतात, म्हणून त्या कोऱ्या छापील फॉर्मच्या रिकाम्या जागांत वकिलाने काय भरलं आहे ते पाहायलाच हवं. अट मोडली, असं कोर्टाला पटलं की ते कारणं नोंदवून बंधपत्र जप्त करतं आणि जामीनदाराला नोटीस काढतं: रक्कम भरा, नाहीतर का भरू नये ते सांगा. ही नोटीस म्हणजे उपचार नव्हे. जामीनदाराला आधी नोटीस दिल्याशिवाय त्याच्याकडून दंडाची रक्कम वसूल करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1960 मध्येच सांगून ठेवलं आहे.

नोटिशीला उत्तर दिलं नाही किंवा दिलेलं पटलं नाही, तर ती रक्कम दंडासारखी वसूल होते. म्हणजे जंगम मालमत्तेची जप्ती, किंवा जिल्हाधिकाऱ्यांमार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली. आणि तशीही वसूल झाली नाही, तर जामीनदाराला सहा महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवता येतं. हे शेवटचं वाक्य मी जेव्हा जेव्हा गावात कुणाला सांगते, तेव्हा समोरचा माणूस आधी हसतो आणि मग माझ्या तोंडाकडे बघून गप्प होतो. आरोपीने खून केला असो की सायकल चोरली असो, स्वतः काही न केलेल्या माणसाला कैदेत टाकण्याची तरतूद आपल्या फौजदारी प्रक्रियेत आहे आणि ती त्याला सहीआधी कुणी सांगत नाही.

1 जुलै 2024 पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. जुनं कलम 446 आता 491 झालं, 444 चं 489 झालं. जामीनदाराच्या बाबतीत मजकूर जवळजवळ तोच राहिला.

आता पुन्हा आबांकडे येते.

पोरगं पळून गेलेलं नव्हतं. दिवाळी झाली की आमच्या भागातली निम्मी वस्ती रिकामी होते, तसं ते बायकोबरोबर ऊसतोडीला गेलं होतं. मुकादमाकडून उचल घेतलेली, ट्रॅक्टर दारात आला, बिऱ्हाड भरलं आणि गेलं कोल्हापूरकडे. पहिल्या दोन तारखांना मी हजेरी माफीचे अर्ज दिले, मंजूर झाले. तिसरा नामंजूर झाला, आणि साहेबांचं तरी काय चुकलं, कोर्टापुढे नुसते माझे कागद येत होते, माणूस येत नव्हता. पोराचा मोबाइल नंबर बदललेला. वॉरंट घेऊन पोलीस त्याच्या घरी गेले तर दाराला कुलूप आणि शेजारी एक म्हातारी. “ऊसतोडीला गेलेत” असं ती म्हणाली असणार. वॉरंटच्या पाठीवर मात्र “मिळून आला नाही” एवढंच आलं.

मी आबांना म्हटलं, पैसे भरायच्या आधी पोरगं कोर्टात उभं करा, मग बघू. ते दुसऱ्या दिवशी निघाले. वय तेव्हा चौसष्ट. एसट्या बदलत, विचारत विचारत त्या कारखान्याच्या भागात पोचले, कुठल्या गावच्या शिवारात टोळी आहे ते शोधून काढलं आणि रात्री फडाजवळच्या कोपीत पोराशेजारी जाऊन झोपले. मुकादम सोडेना. ऊसतोडीत नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. नवरा गेला की कोयता मोडला, खाड्याचे पैसे उचलीत चढतात. आबा दोन रात्री तिथे राहिले. तिसऱ्या दिवशी मुकादमाने सोडलं ते आबांच्या शब्दावर, म्हणजे पोरगं परत येईल याची हमी आबांनी तिथेही दिली. एकाच माणसासाठी एका बाजूला कोर्टाला आणि दुसऱ्या बाजूला मुकादमाला असे दोन ठिकाणी ते जामीन राहिले होते.

पोरगं कोर्टात हजर झालं. वॉरंट रद्द करण्याचा अर्ज आणि नोटिशीला आबांचं लेखी उत्तर मी एकत्रच दिलं. उत्तरात कोल्हापूरच्या प्रवासाची एसटीची तिकिटं जोडली. जामीनदाराने आरोपीला स्वतः शोधून आणलं, हेच आमचं कारण. कारणं नोंदवून दंडाचा काही भाग माफ करण्याचा अधिकार कोर्टाला आहे. साहेबांनी तो वापरला आणि पंचवीस हजारांतले पाच हजार भरायला सांगितलं. मी आजही म्हणते, तो आदेश न्यायाचा होता. पण पाच हजार कुठून आले, ते मला ठाऊक आहे. आबांनी एक शेळी आणि दोन करडं विकली.

बंधपत्र जप्त झाल्यामुळे पोराला नव्याने जामीन द्यावा लागणार होता. जामीनदार कोण, असं साहेबांनी विचारलं, तर आबाच पुढे झाले. या वेळी मी त्यांना आधी बाहेर बाकावर बसवलं आणि कागद ओळ न ओळ वाचून दाखवला. दिवाणी कैदेचं वाक्यही वाचलं. हेही सांगितलं की जामीनदाराला केव्हाही अर्ज करून आपलं नाव काढून घेता येतं. तसा अर्ज आला की कोर्ट आरोपीला हजर करण्यासाठी वॉरंट काढतं, तो आला की जुना जामीनदार मोकळा होतो आणि आरोपीला दुसरा जामीनदार द्यायला सांगितलं जातं.

“आणि दुसरा नाही मिळाला तर?”

“तर तो तुरुंगात.”

आबांनी थोडा वेळ विचार केला. मग म्हणाले, “म्हणजे मी निघालो की पोरगं आत.” आणि त्यांनी सही केली.

त्या सहीत आणि पहिल्या सहीत फरक आहे. पहिली सही त्यांच्याकडून घेतली गेली होती. दुसरी त्यांनी समजून दिली. माझी सगळी तक्रार आणि सगळी मागणी या फरकाशी येऊन थांबते. सगळं समजल्यावरही लोक जामीन राहतात. माणुसकी इतकी कोती नाही. म्हणून “सगळं सांगितलं तर कोण पुढे येईल,” हे जे माझे काही वकील मित्र म्हणतात, ते मला पटत नाही.

कोर्टात प्रत्यक्ष काय होतं, ते ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगते. जामिनाचा आदेश होतो. वेळ दुपारची तीन-साडेतीन. सहाच्या आत सुटकेचा आदेश तुरुंगात पोचला नाही तर माणूस आणखी एक रात्र आत राहणार, म्हणून सगळ्यांची धावपळ. जामीनदाराचे दोन फोटो, आधारची झेरॉक्स, तलाठ्याच्या सहीचा ताजा सातबारा, नसेल तर तहसीलचा ऐपतीचा दाखला, प्रतिज्ञापत्र, तिकिटं. टायपिंगवाल्याकडे रांग. जामीनदार सकाळपासून उपाशी. डायसपुढे उभा राहतो तेव्हा त्याच्या मागे सहा जामीनदार ओळीत उभे असतात. काही न्यायाधीश आवर्जून विचारतात, आरोपी पळाला तर पैसे भरावे लागतील, माहीत आहे का? माणूस मान हलवतो. त्या घाईत, त्या भीतीत आणि त्या उपाशीपोटी कुणीही मान हलवेल. ती मान हलली म्हणजे त्याला समजलं असं धरून चालणं चूक आहे. आणि यात पहिला दोष आम्हा वकिलांचा आहे, कारण डायसपर्यंत पोचायच्या आधी तो माणूस तीन तास आमच्या ताब्यात असतो.

आणखी एक गोष्ट मी रोज बघते आणि तिच्याबद्दल कुणी बोलत नाही. नवरा आत असतो तेव्हा कोर्टात सगळ्यात आधी येते ती बायको. पोर कडेवर, पिशवीत डबा. तिला विचारलं, जामीन कोण राहणार, तर ती म्हणते मीच राहते की. कायद्यात तिला मनाई नाही. पण सातबारा सासऱ्याच्या नावावर, घरपट्टी दिराच्या नावावर, रेशनकार्डावर कुटुंबप्रमुख सासू. मजुरीला जाते, पण पगारपत्रक नाही. म्हणजे त्या माणसाला ठरल्या दिवशी कोर्टात आणून उभं करण्याची ज्या एका व्यक्तीला खरी निकड आहे, ती कागदावर नापास होते. मग ती दिराच्या पाया पडते. दीर आधीच चिडलेला, कारण भांडण वाटणीवरूनच झालेलं. तो दोन-तीन दिवस लावतो, काही वेळा अटी घालतो. अशाच एका सुनेने वाटणीच्या कागदावर अंगठा देऊन दिराकडून जामीन मिळवलेला मी पाहिला आहे. मला ते नंतर कळलं.

जिथे खरा जामीनदार मिळत नाही तिथे भाड्याचा येतो. शहरांतल्या कोर्टांच्या आवारात हे उघड गुपित आहे. बनावट आधार, बनावट सातबारा, एकच माणूस वेगवेगळ्या नावांनी वेगवेगळ्या कोर्टांत जामीन. पुण्या-मुंबईकडे अशा टोळ्या पकडल्याच्या बातम्या अधूनमधून येत असतात. याला आळा म्हणून 2005 च्या दुरुस्तीने जामीनदारावर बंधन घातलं की आपण एकूण किती आरोपींना जामीन राहिलो आहोत ते त्याने जाहीर करावं. चांगलं केलं. पण खोटं बोलायला आलेला माणूस तिथेही खोटंच लिहून देतो. परिणाम असा की संशयाने बघितलं जातं ते आबांसारख्यांकडे, आणि वसुलीही त्यांच्याचकडून होते, कारण पत्ता खरा आहे आणि जमीन जागेवर आहे. बनावट जामीनदाराच्या नावाने नोटीस काढली तर ती “असा इसम राहत नाही” म्हणून परत येते.

वरच्या न्यायालयांनी याकडे डोळेझाक केली असं मात्र म्हणता येणार नाही. 1978 मध्ये मध्य प्रदेशातल्या मोती राम नावाच्या गवंड्याचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयात आलं. खालच्या कोर्टाने त्याला 10,000 रुपयांचा जामीन मागितला आणि त्याच्या सख्ख्या भावाचा जामीन नाकारला. कारण काय, तर भाऊ आणि त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात. न्या. कृष्ण अय्यर यांनी हे धुडकावलं आणि गवंड्याला 1,000 रुपयांच्या स्वतःच्या जातमुचलक्यावर सोडायला सांगितलं. त्याला जवळजवळ पन्नास वर्षं होत आली. तरी “जामीनदार याच तालुक्यातला हवा” हे वाक्य मी अजून ऐकते. 31 जानेवारी 2023 रोजी सर्वोच्च न्यायालयाला पुन्हा सांगावं लागलं की स्थानिक जामीनदाराच्या आग्रहामुळे सुटका रखडते, अशा प्रकरणांत ती अट घालू नये. जामिनाचा आदेश होऊनही कैदी सात दिवसांत सुटला नाही तर तुरुंग अधीक्षकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला कळवावं आणि महिनाभरात जामीनपत्र दिलं गेलं नाही तर कोर्टाने आपण होऊन अट सैल करण्याचा विचार करावा, हेही त्याच आदेशात आहे. 2024 च्या ऑगस्टमध्ये अनेक राज्यांत मिळून 13 गुन्हे दाखल असलेल्या एका आरोपीच्या प्रकरणात न्या. गवई आणि न्या. विश्वनाथन यांनी तेच जामीनदार एकाहून जास्त प्रकरणांत चालतील असा मार्ग काढून दिला. जामीनदार म्हणून माणूस जवळच्या नातलगाकडे किंवा जुन्या मित्राकडेच जाऊ शकतो आणि ते वर्तुळ लहान असतं, हे वास्तव त्या निकालाने ओळखलं आहे.

केंद्राची गरीब कैद्यांसाठीची योजनाही आहे. जामिनाची रक्कम भरता येत नसलेल्या कच्च्या कैद्याला त्यातून मदत मिळू शकते. ज्यांना जामीनदारच मिळत नाही त्यांच्यासाठी रोख रक्कम भरण्याची परवानगी आणि ही मदत यांची सांगड घालता येईल. ती घालणारा वकील आणि ती सुचवणारा विधी सेवा प्राधिकरणाचा माणूस तालुक्याला पोचला पाहिजे.

हे सगळे निर्णय आरोपीच्या बाजूचे आहेत आणि मला त्यांचा आदर आहे. पण जामीनदाराचा विचार कुठे आहे? त्याच्यासाठी ज्या गोष्टी करायला हव्यात त्या काही फार मोठ्या नाहीत. बंधपत्राचा मराठी मजकूर मोठ्या अक्षरात, साध्या भाषेत छापलेला असावा आणि सही घेण्याआधी कोर्टाच्या लिपिकाने तो मोठ्याने वाचून दाखवावा, आणि वाचून दाखवल्याची नोंद बंधपत्रावर करावी. नोंद नसेल तर वाचणं होत नाही, हा माझा अनुभव. जामीनदाराचा मोबाइल नंबर आपण आजही बंधपत्रावर लिहून घेतो, पण त्याचा उपयोग काहीच करत नाही. त्या नंबरवर प्रकरणाचा सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक आणि पुढची तारीख जावी. आरोपी एक तारीख चुकला की त्याच संध्याकाळी जामीनदाराला संदेश जावा. आबांना पहिल्या गैरहजेरीला कळलं असतं तर ते तेव्हाच निघाले असते आणि प्रकरण वॉरंटपर्यंत गेलंच नसतं. आज जामीनदाराला पहिली बातमी कळते ती बंधपत्र जप्त झाल्यावर. आगीची वर्दी घर जळाल्यावर द्यावी, तसं हे आहे.

जामीनदाराकडून अपेक्षा तर केवढी! आरोपीवर लक्ष ठेव, तारखेला आण. पण त्याच्या हातात अधिकार कुठला? तो आरोपीला पकडू शकत नाही, कोंडू शकत नाही. त्याला फक्त विनवणी करता येते, आणि ती हरली की कोर्टात अर्ज. पोलिसांकडे वॉरंट आहे, गाडी आहे, बिनतारी यंत्रणा आहे; त्यांना जो मिळून आला नाही तो चौसष्ट वर्षांच्या शेतकऱ्याने एसटीने जाऊन आणला. राज्याचं काम आपण एका सातबाराधारकावर टाकलं आहे, हे निदान मान्य तरी करू या.

ऊसतोडीच्या हंगामाचंही कोर्टांनी भान ठेवायला हवं. ऑक्टोबर-नोव्हेंबर ते मार्च-एप्रिल हा काळ आमच्या जिल्ह्यात सगळ्यांना माहीत आहे. किरकोळ प्रकरणांत, साक्षीपुरावा चालू नसताना, तोडणी कामगार आरोपीला त्या महिन्यांत हजेरीतून माफी द्यायला कायद्याची आडकाठी नाही. काही न्यायाधीश देतातही. बाकीच्यांना माझी हात जोडून विनंती आहे.

आणि जामीन घरातल्या बाईला राहू द्या. ऐपत म्हणजे फक्त जमीन, हे कुठल्या कलमात लिहिलेलं नाही. रक्कम प्रकरणाच्या परिस्थितीला धरून असावी, अवाजवी नसावी, असं मात्र कायद्यात स्पष्ट लिहिलेलं आहे. रक्कम झेपेल एवढी ठेवली तर रोज चारशे रुपये मजुरी करणारी बायकोही जामीनदार म्हणून पुरेशी आहे. तिच्यापेक्षा पक्की हमी कुणाची असणार?

बऱ्याच जणांना एक शंका असते, तिचं उत्तर इथेच देऊन टाकते. जामीनदार वारला तर त्याच्या मुलांवर बोजा येतो का? बंधपत्र जप्त होण्याआधी तो वारला असेल तर त्याची मालमत्ता पूर्ण मोकळी होते, कायदा तसं स्पष्ट म्हणतो. त्या वेळी आरोपीला दुसरा जामीनदार द्यावा लागतो. आणि निकाल आरोपीच्या बाजूने लागला म्हणून त्याच दिवशी सगळं संपतं असंही नाही. निकालाआधी वरच्या कोर्टात हजर राहण्यासाठी सहा महिन्यांचं वेगळं बंधपत्र घेतात, आणि त्यावर जामीनदार असला तर तेवढा काळ तोही बांधलेला राहतो. हे न कळल्याने कितीतरी जण निर्दोष सुटल्याच्या आनंदात पेढे वाटून घरी जातात आणि आपले कागद परत मागायचे राहून जातात.

आबांच्या पोराचं प्रकरण 2021 मध्ये संपलं. दोन्ही बाजूंनी समझोता केला. आबा कागद घ्यायला आले तेव्हा पिशवी तीच होती.

तेव्हापासून माझ्या ऑफिसात एक पानाचा कागद असतो. मोठ्या अक्षरातला, मराठीत. जामीनदार कितीही घाईत असो, तो मी स्वतः वाचून दाखवते आणि मगच त्याला डायसपुढे नेते. मी घड्याळ लावून पाहिलं आहे, चार मिनिटं लागतात. त्या चार मिनिटांनंतर दोघे-तिघे परत गेले, बाकी सगळे सहीला थांबले.

हे वाचणाऱ्यांपैकी कुणालातरी उद्या-परवा एखाद्याची आई किंवा बायको बोलवायला येईल. जा. माणूस आत असतो तेव्हा बाहेरचा एक हात फार मोठा असतो. फक्त पेन हातात घेण्याआधी वकिलाला म्हणा, हे मला मराठीत वाचून दाखवा, रक्कम किती ते दाखवा, पुढची तारीख आणि सीएनआर क्रमांक लिहून द्या, आणि या कागदाची एक प्रत मला द्या. असं म्हणायला कुणाच्या परवानगीची गरज नाही.